इनासबाबांनी घर उतरवलं

खोली भाड्याने देण्याआधी इनासबाबांनी ह्यांना चालून दाखवायला सांगितलं.

चौसष्ट-पासष्टचा सुमार असेल. आमचं लग्न नुकतंच झालं होतं, आणि लालबागला सासऱ्यांच्या खोलीत माणसं इतकी होती की आम्ही दोघं एकमेकांशी बोलायला राणीच्या बागेत जात असू. पुढे ह्यांना अंधेरीच्या एका औषधांच्या कारखान्यात नोकरी लागली, मलाही तिथल्याच एका शाळेत मराठी शिकवायचं काम मिळालं, आणि जागा शोधत शोधत आम्ही मरोळच्या रस्त्याला लागून असलेल्या एका गावठाणात शिरलो. विहिरीवर पाणी भरणाऱ्या एका बाईने सांगितलं, "इनासबाबाकडं विचारा. वरच्या दोन खोल्या रिकाम्या हायेत. पण तो देत नाय कोनाला."

इनासबाबा अंगणातल्या क्रुसापाशी खाकी अर्ध्या चड्डीत उभे होते. पन्नाशीच्या आतबाहेरचे, अंगाने काटक, कानावर पेन्सिल. आम्ही कोण, कुठले, जात कोणती, घरात माणसं किती, यांतलं काही त्यांनी विचारलं नाही. बाहेरच्या लाकडी जिन्याने आम्हाला वर घेऊन गेले आणि ह्यांना म्हणाले, "चला."

"कुठे?"

"हितून त्या खिडकीपर्यंत. मग परत या."

हे चालले. इनासबाबा डोळे मिटून ऐकत होते. मग म्हणाले, "आता चपला घालून." हे चपला घालून चालले. त्यानंतर माझी पाळी आली. मला त्यांनी अर्ध्या वाटेतच थांबवलं.

"बायचं ठीक हाय. मिस्टर टाचेवर चालतात. तक्तपोशीला कळतं ते."

तक्तपोशी म्हणजे वरच्या मजल्याची सागवानी फळ्यांची जमीन. खाली राहणाऱ्यांचं तेच छत. हे म्हणाले, "सवय बदलीन मी," आणि आम्हाला जागा मिळाली. हे त्या घरात शेवटपर्यंत चवड्यांवर चालले. ती चाल पुढे त्यांच्या अंगात इतकी मुरली की कारखान्यातले साहेब त्यांना अचानक मागे उभे पाहून दचकत.

दुसरी अट सामान आणल्यावर कळली. भिंतीत, खांबात, दारात, कुठेही खिळा मारायचा नाही.

"मग कॅलेंडर?" मी विचारलं.

"टेबलावर ठेवा."

"आरसा?"

"खिडकीत."

"आणि देवाची तसबीर?"

इथे ते जरा थांबले. आमच्या देवाचा मान राखायचा होता आणि भिंतीचाही. विचार करून म्हणाले, "देवाला टेकून उभं राहता येतं." त्यामुळे आमचा गणपती दहा वर्षं फडताळावर भिंतीला टेकून उभा होता.

खिळा का नाही, हे त्यांनी सांगितलं नाही. मला वाटतं त्यांनाही ते माहीत नव्हतं. वडिलांनी सांगितलं होतं, वडिलांना आजोबांनी. एवढं कारण त्यांना पुरत होतं.

ते घर रस्त्यावरून बंगला वाटायचं आणि मागून गोठा. पुढे वरच्या अंगाला लाकडी गॅलरी, तिला नक्षीचा कठडा, वर पागोळीला लाकडाचीच झालर, आणि खिडक्यांना लाल-हिरव्या काचा. गॅलरीखालच्या ओट्यावरून आत गेलं की मधला दिवाणखाना. तो उंच होता, दोन्ही हातांत मावणार नाहीत असे सागाचे खांब, भिंतीत देव्हाऱ्यासारखा अल्तार आणि त्यावर सेंट अँथनी. त्याच्या मागे दोन पायऱ्या उतरून मातीच्या जाड भिंतींचा ठेंगणा भाग. तिथे भाताची कणगी ठेवायचा माळा, जमिनीत पुरलेलं उखळ आणि रांधप, म्हणजे स्वयंपाकघर.

"मागचं माझ्या पणजानं बांधलं," इनासबाबा सांगत. "तो शेतकरी. मधलं आजानं, त्याचं भात चांगलं पिकलं म्हणून. पुढचं बापानं, तो रेल्वेत चिकटला. म्हणून पुढून बघितलं तर रेल्वे दिसते."

खरंच दिसायची. ती झालर थेट स्टेशनाच्या छपरासारखी होती.

हे त्यांनी मला सांगितलेलं. दुसऱ्यांना ते दुसरं सांगत. गावठाणात जुनं घर म्हणून कोणी ना कोणी पाहायला येई, आणि इनासबाबा कोणालाही रिकाम्या हाताने परत पाठवत नसत. नवे फादर आले तेव्हा चर्च बांधायच्या आधीची मिस्सा, म्हणजे रविवारची प्रार्थना, ह्याच दिवाणखान्यात होत होती असं त्यांनी सांगितलं. कॉलेजचे एक प्रोफेसर विद्यार्थ्यांना घेऊन आले, त्यांना एका पोर्तुगीज कप्तानाने वसई पडल्यावर इथे रात्र काढल्याचं कळलं. म्युनिसिपालिटीचा माणूस रस्त्याची मापं घ्यायला आला त्याला सांगितलं, की हे घर म्युनिसिपालिटीच्या आधीचं आहे, तेव्हा म्युनिसिपालिटीने त्याच्याकडे बघून चालावं. प्लेगात शहरातली माणसं येऊन अंगणात झोपड्या टाकून राहिली आणि तेव्हा तो क्रूस उभारला, ही गोष्ट मात्र सगळ्यांना सारखीच मिळे. ती खरी असावी.

मी एकदा म्हटलं, "इनासबाबा, फादरना एक सांगता, प्रोफेसरांना एक सांगता."

"बाय," ते म्हणाले, "पाहुना काय घेऊन जानार ते बघावं लागतं."

पण एका गोष्टीबद्दल ते कोणाशीही तडजोड करत नसत. आपलं घराणं पहिल्यापासून ह्याच जागी आहे. गावठाणात कोणी वसईहून आलेलं, कोणी ठाण्याहून. "आमी कुठून आलो नाय," ते म्हणत. "आमी हितंच."

आता हा माणूस पोटासाठी काय करत होता, तर गोरेगावच्या एका स्टुडिओत सिनेमाचे सेट उभारणाऱ्या सुतारांचा मुकादम होता. सकाळी सायकलीवर टांग मारून जायचे आणि प्लायवूड, गोणपाट आणि प्लॅस्टरचे राजवाडे बांधायचे. राजवाडा महिनाभर टिकायचा. मग तो उतरवून त्याच्याच लाकडात कोर्ट व्हायचं, आणि कोर्टात मुलगा निर्दोष सुटला की त्याचं हॉस्पिटल. दिवसभर ते खिळे मारत आणि संध्याकाळी अशा घरात येत जिथे कॅलेंडर टेबलावर असे. ह्यात काही विशेष आहे असं त्यांना वाटत नसे.

एकदा त्यांच्या हातचा सेट असलेला सिनेमा आम्ही सगळे मिळून बघायला गेलो. सगळे म्हणजे आम्ही दोघं, इनासबाबा, त्यांची भावजय टेरेझा आणि तिच्या तीन मुली. इनासबाबांची बायको दोरोथी लग्नानंतर थोड्याच वर्षांत गेली होती, मूलबाळ नव्हतं. धाकटा भाऊ व्हिक्टर बहारीनला तेलाच्या कंपनीत होता. टेरेझा मुलींना घेऊन खालीच राहायची आणि सगळ्यांचं रांधायची. सिनेमा फार दुःखाचा होता. आम्ही बायका डोळे पुसत बाहेर आलो. मी विचारलं, "कसा वाटला, इनासबाबा?"

"तिसऱ्या गान्यात खांब हलला."

"हिरॉईन रडते त्या गाण्यात?"

"मी सांगितलेलं टेकून रडू नका म्हनून."

त्यांच्या गप्पा अशा असत. टेरेझाचं नेमकं उलट. ती मनात येईल ते मोठ्याने बोलून मोकळी होई. रांधपाच्या दाराची चौकट बुटकी होती आणि ती उंच, त्यामुळे कपाळावर कायमचा एक टेंगळासारखा वण होता. त्या खोलीत हाताच्या पंजाएवढा एक झरोका, बाकी काळोख. चूल लाकडाची. पावसात लाकडं ओली असली की ती खोकत खोकत ओट्यावर येऊन बसायची. "इनासबाबा, घर तुमचं देऊळ हाय, मला कबूल," ती म्हणायची. "पन देवळात रांधत नायत." इनासबाबा खांबावरची धूळ पुसत राहत. त्यांना ते ऐकू येत नसे असं नाही. घराची तक्रार ही त्यांना हवेच्या तक्रारीसारखी वाटे. ऐकून घ्यायची, तिचं काही करायचं नसतं.

सत्तरच्या आसपास एक डायरेक्टर घर पाहायला आला. त्याला जुन्या जमीनदाराची हवेली हवी होती, आणि दिवाणखान्यात पाऊल टाकताच त्याने दोन्ही हात जोडले. "बस, यही चाहिए," म्हणाला. "इधरच शूटिंग करेंगे." इनासबाबांना मनातून फार आनंद झाला होता. तो दिसू न देता त्यांनी विचारलं, "लाइटी कशाला बांधनार?"

"वो ऊपर, लकडी को."

"कशानं?"

डायरेक्टरने बरोबरच्या माणसाकडे पाहिलं. तो म्हणाला, "दो-चार खिळे लागतील, बस."

विषय तिथेच संपला. पण डायरेक्टरचा जीव त्या दिवाणखान्यात अडकला होता. शेवटी इनासबाबांनीच तोड काढली. घर इथून हलणार नाही, तेव्हा असंच्या असं घर ते स्टुडिओत उभं करून देतील. मग काही आठवडे ते संध्याकाळी घरी आले की टेप घेऊन स्वतःच्याच घराची मापं घेत फिरत. खांबावर कान ठेवून बोटाने वाजवत. आमच्या खोलीत येऊन फळ्यांमधल्या फटी मोजत. टेरेझा म्हणायची, "लगीन करतोय जनू घराशी."

सेट तयार झाला तेव्हा ते आम्हा सगळ्यांना बसने गोरेगावला घेऊन गेले. मी आयुष्यात पहिल्यांदा स्टुडिओ पाहत होते. गोदामासारख्या अंधाऱ्या शेडमध्ये आपलंच घर उभं होतं. तेच खांब, तोच अल्तार, तोच सेंट अँथनी, नाकाचा टवका उडालेला. मुली धावत आत गेल्या आणि सवयीने दोन पायऱ्या उतरून रांधपात शिरल्या. नायिकेचा चुलीपुढे एक प्रसंग होता म्हणून रांधपही बांधलं होतं. पण कॅमेऱ्याला जागा हवी, म्हणून दार उंच केलेलं. एका बाजूला मोठी खिडकी पाडलेली, वर छपरच नाही. कोणीतरी लाइट लावले आणि सगळी खोली उजळली.

टेरेझा दारातून न वाकता आत गेली. मधोमध उभी राहिली. चुलीपाशी गेली, ओट्यावर हात फिरवला, खिडकीतून बाहेर पाहिलं. बाहेर शेडची भिंत होती. ते पाहून इनासबाबा खूश होऊन म्हणाले, "काय? वळखलं का घर?"

"इनासबाबा," टेरेझा म्हणाली, "हेच ठेवू या. आपलं तोडा."

"ही गोनपाटाची भिंत हाय, टेरेझा."

"असू दे. उजेड हाय ना."

"उजेड पन लाइटीचा हाय."

"मंग? दिसतंय तर खरं."

परत येताना बसमध्ये धाकटी मुलगी इनासबाबांना म्हणाली, "बाबा, त्या घरात आपून कवा जानार?" तिला टेरेझाने गप्प केलं.

त्यानंतर वर्षभराने व्हिक्टर सुटीवर आला. मोठा ट्रान्झिस्टर, सगळ्यांना ब्लँकेटं, आणि डोक्यात एक बेत घेऊन. आजूबाजूला गावठाणात जुनी घरं पाडून तीन-चार मजली बिल्डिंगा व्हायला लागल्या होत्या. व्हिक्टरचं म्हणणं साधं होतं. घर दोघांचं. ते पाडून बिल्डिंग बांधायची, दोघांना जागा, वरच्या भाडेकरूंनाही जागा, प्रत्येकाच्या स्वयंपाकघरात नळ. हे बोलणं खाली ओट्यावर चाललं होतं आणि आम्ही वर गॅलरीत बसून ऐकत होतो. घर लाकडाचं असल्यामुळे न ऐकण्याची सोय नव्हती.

"नाय," इनासबाबा म्हणाले.

"का पन, दादूस?"

"नाय म्हंजे नाय."

"एक सांगू?" व्हिक्टर म्हणाला. "तू हितं ऱ्हात नायस. तू याची राखन करतोस. ऱ्हाते ती टेरेझा."

इनासबाबा उठून क्रुसापाशी जाऊन उभे राहिले. व्हिक्टरची सुटी संपली, तो परत गेला. ट्रान्झिस्टर मागे ठेवून गेला होता. इनासबाबांनी तो लावला नाही.

पुढच्या पावसाळ्यात टेरेझाला कावीळ झाली आणि तिला हॉस्पिटलात ठेवावं लागलं. मी म्हटलं, मुलींचं आणि तुमचं माझ्याकडे वर होईल. इनासबाबा म्हणाले, "घरात रांधप हाय ना." स्टुडिओतून त्यांनी रजा घेतली. त्यांना स्वयंपाक बरा येत होता. नाताळात डुकराच्या मटणाचं सोरपोटेल तेच करत. पण ते अंगणात, तीन दगडांवर. रांधपात माणूस म्हणून ते कधी उभे राहिले नव्हते. तिथे जात ते तुळया बघायला.

पहिल्या सकाळी मला खालून एक धप्प असा आवाज आला, मग शांतता. ते चौकटीवर आपटले होते. दुपारी तोच आवाज परत आला. तिसऱ्या दिवशी आवाज यायचा थांबला, कारण ते आत-बाहेर करायचेच थांबले. धुरातच बसून राहत. ओली लाकडं पेटत नव्हती. झरोक्यातून पाऊस आत येत होता आणि धूर बाहेर जात नव्हता. मुली शाळेत जाताना म्हणायच्या, "भात करपलाय, पन चांगला करपलाय."

दुसरा आठवडा संपत आला होता. एक दिवस मी शाळेतून आले तर इनासबाबा आमच्या जिन्याच्या वरच्या पायरीवर बसलेले. डोळे लाल, केसांत राख, कपाळावर दोन टेंगळं. मी पाणी दिलं. ते प्यायले.

"बाय," ते म्हणाले, "त्या रांधपात आमची आय होती. मंग दोरोथी. तिचा खोकला मला वाटायचा थंडीचा हाय. मंग टेरेझा. कोनी काय बोललं नाय."

"टेरेझा बोलली," मी म्हटलं.

"हां. ती बोलली."

पाऊस पडत होता. खाली कोंबडी पंख झाडत ओट्यावर आली, तिच्याकडे ते पाहत होते.

"ह्या घरात मानसानं ऱ्हायचं कसं, याचा इचार कोनी केलाच नाय," ते म्हणाले, जणू दुसऱ्या कोणाच्या सेटबद्दल बोलत असावेत. मग उठले, भांडं विसळून पालथं घातलं. "व्हिक्टरला तार करून येतो." आणि त्याच पावसात, छत्री न घेता, पोस्टात गेले.

टेरेझा बरी होऊन आली तेव्हा ही बातमी तिला मुलींनी सांगितली. त्या रविवारी तिने त्यांच्यासाठी फुगे, म्हणजे आंबवलेल्या पिठाचे गोल वडे, तळले, नाताळ नसताना.

व्हिक्टर सुटी काढून आला आणि बिल्डिंगचं ठरलं. आम्हालाही त्यात जागा मिळणार होती, पण तेवढ्यात ह्यांच्या कंपनीने मुलुंडला क्वार्टर्स दिले, म्हणून आम्ही तिकडे गेलो. माझी शाळा मात्र तीच राहिली, त्यामुळे रोज शाळा सुटल्यावर मी गावठाणावरून जाई. म्हणून पुढचं मी डोळ्यांनी पाहिलं.

बिल्डरची माणसं घण आणि पहारी घेऊन आली. इनासबाबांनी त्यांना अंगणातच थांबवलं. "हात लावायचा नाय. मी उतरवनार."

"उतरवनार म्हणजे? तोडायचंय ना?"

"तोडत नायत. उतरवतात."

बिल्डरने व्हिक्टरला विचारलं, व्हिक्टरने टेरेझाला विचारलं, टेरेझा म्हणाली, "उतरवू द्या त्याला. एवढं केलंय त्यानं." बिल्डर पावसाळ्यापर्यंत थांबायला तयार झाला. इनासबाबांनी स्टुडिओतले आपले चार सुतार आणले. कौलं उतरली, वासे उतरले. प्रत्येक लाकडावर ते पेन्सिलीने नंबर घालत, सेट उतरवताना घालतात तसा. ह्या लाकडांचं पुढे काय करायचं, हे त्यांनी ठरवलं नव्हतं. मी विचारलं तर म्हणाले, "आधी खाली येऊ दे." नक्षीचा कठडा आणि झालर त्यांनी स्टुडिओला देऊन टाकली. निदान तेवढं कुठे ठेवायचं हा प्रश्न सुटला.

मग मधल्या दिवाणखान्याची पाळी आली, आणि सुतार थांबले. त्या सगळ्या भागात एक खिळा नव्हता. तुळया खांबांत खाचा करून बसवलेल्या आणि लाकडाच्याच खुंट्यांनी अडकवलेल्या. खुंट्या ठोकून बाहेर काढल्या की तुळई नुसती उचलून घ्यायची. "च्यायला," एक सुतार म्हणाला, "हे तर खोलायसाठीच बनवलंय."

इनासबाबांनी त्याला गप्प केलं. पण त्यांचाही चेहरा बदलला होता.

दुसऱ्या दिवशी मी गेले तेव्हा काम बंद होतं. पहिला मोठा खांब अंगणात आडवा घातला होता आणि इनासबाबा त्याच्यापाशी उकिडवे बसले होते, हातात पेन्सिल. मला पाहून म्हणाले, "बाय, हितं बघा."

खांबाच्या टोकाला, जो भाग इतकी वर्षं तुळईच्या आत झाकलेला होता, तिथे पटाशीने कोरलेल्या तीन रेघा होत्या. ओबडधोबड, पण मुद्दाम केलेल्या.

"मी नंबर घालायला गेलो," ते म्हणाले. "तर आधीच घातलेला."

प्रत्येक खांबावर होत्या. कुठे एक रेघ, कुठे दोन, कुठे फुली. शिवाय खांबांच्या भिंतीत दडलेल्या अंगाला, मधल्या उंचीवर, जुन्या रिकाम्या खाचा होत्या, चुन्याने लिंपून बुजवलेल्या, जिथे ह्या घरात कुठलीच तुळई येत नव्हती. म्हणजे हे खांब आधी दुसऱ्या एका घरात उभे होते. तिथून कोणीतरी त्यांना खुणा घालून उतरवलं होतं आणि इथे आणलं होतं. मागचं पणजोबांचं, मधलं आजोबांचं, हा हिशेबही गेला. मधलंच सगळ्यात जुनं होतं. मागचं आणि पुढचं त्याला नंतर चिकटलेलं.

इनासबाबा पुन्हा पुन्हा त्या रेघांवरून अंगठा फिरवत होते.

गावठाणात बस्त्यावआजा म्हणून इनासबाबांचे चुलत चुलते होते, नव्वदीला आलेले, पडून असत. त्यांच्याकडे इनासबाबा मला घेऊन गेले. एकट्याने जायचा धीर होत नसावा. खाटेपाशी बसून त्यांनी मोठ्याने विचारलं, "आजा, आपलं घर कुठून आनलं?"

"तळ्यातून," बस्त्यावआजा म्हणाले.

त्यांची सून लाजून म्हणाली, "ते नेहमी असंच बोलतात. घर तळ्यात हाय, घर तळ्यात हाय. आमी लक्ष देत नाय."

"कुठल्या तळ्यातून?" इनासबाबांनी विचारलं.

आजांनी त्यांच्याकडे असं पाहिलं, की हा माणूस एवढी वर्षं काय करत होता. "विहारच्या. साहेबानं तळं बांधलं, गाव पान्याखाली गेला. आपल्या लोकांनी घर खोलून बैलगाडीत घातलं नि हितं आनलं. माजा आजा तवा पोर होता, तो खांबावर बसून आला. सगळ्यांना म्हाईत हाय ते."

"कोनाला म्हाईत हाय?"

आजांनी विचार केला. "आता मलाच," ते म्हणाले.

परत येताना इनासबाबा गल्लीत मधेच थांबले. मला वाटलं त्यांना चक्कर आली. ते हसत होते. आवाज नाही, खांदे फक्त हलत होते. "बाय," ते म्हणाले, "मी त्या प्रोफेसराला कप्तान सांगितला. फादरला मिस्सा सांगितली. नि आमी कुठून आलो नाय, आमी हितंच, असं सगळ्यांना सांगत फिरलो. आमी तळ्यातून आलो." डोळे पुसून पुढे म्हणाले, "म्हंजे घराला उतरायची सवय हाय."



त्या आठवड्यात त्यांनी ठरवलं. दोरोथीचं माहेर मनोरीला होतं, खाडीपलीकडे. तिच्या भावाने वाडीतली एक कोपऱ्याची जागा दिली. खांब, तुळया आणि फळ्या स्टुडिओच्या ट्रकने मार्व्याला गेल्या आणि तिथून होड्यांवर पलीकडे. टेरेझा मुलींसकट धक्क्यावर पोचवायला गेली होती. तिनेच मला सांगितलं, की इनासबाबा लाकडावर बसले नाहीत, उभेच राहिले, आणि होडीवाल्याला सारखं सांगत होते, हळू, हळू.

बिल्डिंग झाली. टेरेझाला तिसऱ्या मजल्यावर जागा मिळाली. तिने मला सगळ्यात आधी स्वयंपाकघर दाखवलं. नळ सोडून दाखवला, बंद केला, परत सोडला. इनासबाबांसाठी एक खोली ठेवली होती. ते नाताळला येऊन राहत, आणि तिथे एक कॅलेंडर खिळ्यावर टांगलेलं होतं.

मग एका सुटीत आम्ही दोघं मनोरीला त्यांना भेटायला गेलो. खाडीच्या काठापासून जवळच, नारळांत, तो दिवाणखाना उभा होता. एकटाच. पुढे गॅलरी नाही, मागे ठेंगणा भाग नाही, त्यामुळे तो लहान आणि जरा उघडा उघडा वाटत होता, आंघोळ घालून उभ्या केलेल्या म्हाताऱ्यासारखा. इनासबाबा मात्र त्यात राहत नव्हते. शेजारी झावळ्यांची खोप घालून तिच्यात राहत होते.

"का हो?" ह्यांनी विचारलं.

"खारी हवा हाय हितं. त्याला आधी बसू दे." त्यांनी आम्हाला ताडगोळे खायला घातले. स्टुडिओतून निवृत्त झाले होते. फार वाळले होते, पण आवाज तोच. गावातली माणसं घर बघायला येतात का, मी विचारलं.

"येतात ना."

"काय सांगता त्यांना?"

"सांगतो, तळ्यातलं हाय. कोनाचा इस्वास बसत नाय." त्यांनी ताडगोळ्याचं पाणी हातावरून झटकलं. "पोर्तुगीज सांगितला असता तर बसला असता."

छपराचं काम अर्धवट होतं आणि पाऊस जवळ आला होता. होडीची वेळ झाली म्हणून आम्ही निघालो. ते धक्क्यापर्यंत आले नाहीत. छपराच्या मदतीला माणूस त्या एका दिवसापुरताच मिळाला होता. होडी सुटली, खाडीत जरा आत गेली, आणि नारळांतून ते छप्पर दिसायला लागलं. इनासबाबा आढ्याला एक हात धरून वर उभे होते आणि दुसरा हात जोराजोराने हलवत होते. मीही हात हलवला. हे उभे राहिले, होडीवाला ओरडला तरी उभे राहिले, आणि दोन्ही हात हलवू लागले. तेवढ्यात खालच्या माणसाने एक कौल वर फेकलं. इनासबाबांनी ते त्याच हाताने झेललं आणि आमच्याकडे पाठ करून लावायला बसले.